न्यायमूर्तींची वाकडी करंगळी



आज सुरुवातीलाच एक कोडं घालते. सोडवायची घाई करू नका, शेजारी आई-बाबा बसले असतील तर त्यांनाही विचारा.

एक शाळकरी मुलगा होता. चार पैसे मिळवावेत म्हणून तो गावातल्या एका मोठ्या बांधकामावर मजुरी करायला गेला. इमारत पुरी झाली, तिचं उद्घाटन झालं आणि मुलगा आपल्या वाटेनं पुढं शिकायला निघून गेला. बरोबर पंचवीस वर्षांनी त्याच इमारतीत त्याचा ब्राँझचा अर्धपुतळा बसवण्यात आला. सांगा पाहू, ती इमारत कोणती आणि तो मुलगा कोण?

नाही ना येत? साहजिकच आहे, कारण हे कोडं सातासमुद्रापलीकडचं आहे. अमेरिकेत ओहायो नावाचं राज्य आहे. तिथल्या कँटन गावात १९२० साली काही मंडळी मोटारगाड्यांच्या एका दुकानात जमली आणि त्यांनी व्यावसायिक फुटबॉल संघांची एक संघटना स्थापन केली. तीच पुढं एन.एफ.एल. म्हणजे 'नॅशनल फुटबॉल लीग' झाली. त्याची आठवण म्हणून नामवंत खेळाडूंचं स्मारक-संग्रहालय कँटनमध्येच उभारायचं ठरलं. १९६३ च्या सप्टेंबरात ते सुरू झालं. त्याला 'हॉल ऑफ फेम' म्हणतात. त्याच्या बांधकामावर राबणाऱ्या मजुरांत एक उंचापुरा मुलगा होता. त्याचं नाव ॲलन पेज.

ॲलनचा जन्म ७ ऑगस्ट १९४५ चा, कँटनमधलाच. हे गाव पोलादाच्या कारखान्यांचं. पेज कुटुंब कृष्णवर्णीय, घरची परिस्थिती बेताची. ॲलन तेरा वर्षांचा असताना आई गेली. पण शिकल्यावाचून तरणोपाय नाही, ही गोष्ट आईवडिलांनी मुलांच्या मनात पक्की रुजवली होती.

ॲलन आठ वर्षांचा होता तेव्हा, १९५४ साली, अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयानं एक फार मोठा निकाल दिला. गोऱ्या मुलांची शाळा वेगळी, काळ्या मुलांची वेगळी, असा कायदा त्या देशातल्या कित्येक राज्यांत होता. तो घटनेच्या विरुद्ध आहे, असं न्यायालयानं सांगितलं. काही माणसं एका खोलीत बसून विचार करतात, लिहितात आणि त्यामुळे लाखो मुलांसाठी शाळेचं दार उघडू शकतं! छोट्या ॲलनच्या मनात ही गोष्ट घर करून राहिली. त्यातच टीव्हीवर एका वकिलाची मालिका लागायची. तो वकील डोकं चालवून अडचणीतल्या माणसांना सोडवायचा. मोठं होऊन वकील व्हायचं, हे ॲलननं चौथी-पाचवीच्या वयातच ठरवून टाकलं.

आणि मग तो झाला फुटबॉलपटू! गंमत आहे की नाही? थांबा, गोष्ट इथंच खरी सुरू होते.

आधी एक गोष्ट स्पष्ट करायला हवी. आपण पायानं खेळतो तो फुटबॉल वेगळा. अमेरिकेत 'फुटबॉल' म्हणतात तो खेळ हातात चेंडू घेऊन पळण्याचा. चेंडूही गोल नसतो, दोन्ही टोकांना निमुळता असतो. अकरा-अकरा खेळाडूंचे दोन संघ. डोक्यावर शिरस्त्राण, खांद्यांवर जाड पॅड. ज्या संघाकडे चेंडू असतो त्याला दहा यार्ड, म्हणजे सुमारे नऊ मीटर, पुढं सरकण्यासाठी चार संधी मिळतात. सरकला, तर पुन्हा नव्या चार संधी. असं करत करत समोरच्याची शेवटची रेषा ओलांडली, की सहा गुण.

चेंडू असलेल्या संघाचा मेंदू म्हणजे क्वार्टरबॅक. चेंडू मागं त्याच्या हातात येतो. मग तो दूरच्या गड्याकडे फेकायचा, की पळणाऱ्याच्या हातात द्यायचा, हे दोन-तीन सेकंदांत त्याला ठरवावं लागतं. त्याच्यापुढं त्याचे धिप्पाड साथीदार भिंतीसारखे उभे असतात. ही भिंत फोडायची आणि क्वार्टरबॅकनं चेंडू फेकण्याआधी त्याला लोळवायचं, हे काम समोरच्या संघाच्या बचावातल्या पहिल्या फळीचं. या फळीतल्या गड्याला म्हणतात 'डिफेन्सिव्ह लाइनमन'.

तुम्हांला कबड्डी माहीत आहेच. कबड्डीत चढाई करणारा आत येतो आणि आपण त्याची पकड करतो. इथं पकड करणाऱ्यालाच पुढं घुसावं लागतं, आणि तेही शंभर-सव्वाशे किलो वजनाच्या दोघा-तिघांना बाजूला सारून! दर खेपेला धडक. एका सामन्यात पन्नास-साठ वेळा तरी हेच. चेंडू हातात येण्याचे प्रसंग मात्र फार थोडे. टाळ्या बहुतेक वेळा चेंडू फेकणाऱ्याला आणि झेलणाऱ्याला. लाइनमन चिखलातून उठतो, अंग झटकतो आणि परत रेषेवर जाऊन वाकून उभा राहतो.

ॲलन पेज हा असा लाइनमन होता. उंची सहा फूट चार इंच. नोत्र दाम या नामांकित विद्यापीठाकडून तो खेळला. १९६६ साली त्याचा संघ देशातला अव्वल महाविद्यालयीन संघ ठरला आणि १९६७ साली राज्यशास्त्राची पदवी घेऊन ॲलन बाहेर पडला. त्याच वर्षी मिनेसोटा राज्यातल्या 'व्हायकिंग्ज' या व्यावसायिक संघानं त्याला निवडलं.

मिनेसोटा म्हणजे अमेरिकेच्या उत्तर टोकाचं, हाडं गोठवणाऱ्या थंडीचं राज्य. त्या वेळी तिथलं मैदान उघडं होतं. बर्फ पडत असला तरी सामना व्हायचा. त्यात प्रशिक्षक बड ग्रँट असे कडक, की मैदानाच्या कडेला शेगड्या-हीटर लावायला त्यांची मनाई! आपल्या मनातून थंडी काढून टाका, असा त्यांचा खाक्या. या संघाची पहिली फळी चौघांची : ॲलन पेज, कार्ल एलर, जिम मार्शल आणि गॅरी लार्सन. संघाचे कपडे जांभळे, म्हणून लोकांनी या चौकडीचं नाव पाडलं 'जांभळे माणूसखाऊ'. चौघांचं आपसांत एकच ठरलेलं असायचं, की भेटायचं ते क्वार्टरबॅकपाशी!

ॲलन बाकीच्यांइतका आडवा नव्हता, पण विलक्षण चपळ होता. चेंडू हलला रे हलला, की समोरचा गडी सरळ उभा राहायच्या आत हा त्याच्या बाजूनं पार. १९७१ साली त्याला लीगमधला सर्वांत मौल्यवान खेळाडू म्हणून गौरवण्यात आलं. बचाव करणाऱ्या खेळाडूला हा मान मिळण्याची ती पहिलीच वेळ. तसा मान दुसऱ्या बचावपटूला मिळायला १९८६ साल उजाडावं लागलं. आणखी एक आकडा सांगते. पंधरा वर्षांत साखळीतले २१८ सामने. त्यांतला एकही त्यानं चुकवला नाही. एकही!

आता यातली एक मौज ऐका. क्वार्टरबॅकला चेंडूसकट लोळवलं, की त्याला 'सॅक' म्हणतात. लाइनमनची खरी कमाई तीच. पण एकेका खेळाडूच्या 'सॅक'ची अधिकृत मोजणी लीगनं सुरू केली १९८२ साली. आणि ॲलन निवृत्त झाला १९८१ साली! म्हणजे ज्या कामात तो सगळ्यांत वाकबगार होता, त्याच्या अधिकृत रकान्यात काहीच नाही. पुढं अभ्यासकांनी जुन्या नोंदी धुंडाळून हिशेब मांडला, तेव्हा तो दीडशेच्या आसपास, काहींच्या मते त्याहूनही बराच जास्त निघाला. परीक्षेत मार्कच नसलेला प्रश्न आपण किती मनापासून सोडवतो? जरा आठवून बघा बरं!

सगळंच काही गोड घडलं नाही. लीगचा अंतिम सामना म्हणजे 'सुपर बोल'. ॲलनचा संघ चार वेळा तिथवर पोहोचला. जानेवारी १९७०, जानेवारी १९७४, जानेवारी १९७५ आणि जानेवारी १९७७. चारही वेळा हरला. सबंध देश टीव्हीसमोर बसलेला असताना चार वेळा हरणं म्हणजे काय, याची कल्पना करा. पण पुढच्या हंगामात गडी परत रेषेवर वाकून उभा.

आता मी तुम्हांला या गोष्टीतला तो भाग सांगणार आहे, ज्यासाठी मी ही गोष्ट निवडली.

प्रत्येक संघाकडे डावपेचांची एक जाडजूड वही असते. कोणत्या वेळी कोणी कुठं धावायचं, ते त्यात लिहिलेलं असतं. एकदा व्हायकिंग्जच्या खेळाडूंना ही वही पाळीपाळीनं मोठ्यानं वाचायला सांगितली. अगदी आपण वर्गात धडा वाचतो तशी. आणि ॲलनच्या लक्षात आलं, की आपल्या काही सहकाऱ्यांना धड वाचताच येत नाही. हे सगळे गडी शाळेतून, कॉलेजातून पुढं आलेले होते बरं का! मग असं कसं झालं? तर शाळेत असताना ते फार छान खेळत होते. 'खेळतोय ना, मग जाऊ दे पुढच्या वर्गात', असं म्हणत त्यांना कोणीतरी पुढं पुढं ढकललं. मैदानावर त्यांना कोणी हरवू शकत नव्हतं, आणि छापील कागदाच्या एका पानापुढं ते हतबल होते.

हे दृश्य ॲलन कधीच विसरला नाही. खेळ तर पस्तिशीच्या आसपास संपणारच. त्यानंतर या मित्रांनी काय करायचं?

आणि मी काय करायचं? हा प्रश्नही होताच. लहानपणी ठरवलेलं वकील होणं राहूनच गेलं होतं. तसं ॲलननं एका लॉ कॉलेजात नाव घालून पाहिलं होतं. पण तीन आठवड्यांत त्यानं ते सोडून दिलं! नाही झेपलं. तुमच्यातल्या कित्येकांनी तबल्याचा क्लास, नाहीतर इंग्रजीची शिकवणी अशीच सोडली असेल, हो ना? फरक एवढाच, की काही वर्षांनी ॲलन परत गेला. या वेळी मिनेसोटा विद्यापीठाच्या कायदा शाखेत. खेळ सोडून नाही हं, खेळता खेळता! अंगावर कालच्या सामन्याचे काळेनिळे डाग आणि हातात कायद्याची जाडी पुस्तकं. १९७८ साली तो पदवीधर झाला. तेव्हा तो बत्तीस वर्षांचा होता, म्हणजे साधारण तुमच्या बाईंच्या वयाचा. तेव्हा 'आता काय शिकायचं वय राहिलंय' असं घरात कोणी म्हणालं, तर त्यांना ही गोष्ट अवश्य वाचून दाखवा.

त्याच वर्षी एक धक्काही बसला. ॲलनच्या पत्नीनं, डायननं, सिगारेट सोडण्यासाठी धावायला सुरुवात केली होती. तिला सोबत म्हणून ॲलन धावू लागला. तिची सिगारेट सुटली आणि याला धावण्याचं वेड लागलं! त्यामुळे त्याचं वजन उतरलं. लाइनमन एवढा हलका कसा चालेल, असं प्रशिक्षकांचं मत पडलं. १९७८ चा हंगाम चालू असतानाच व्हायकिंग्जनं त्याला सोडून दिलं. एके काळच्या सर्वोत्तम खेळाडूला शिकागोच्या 'बेअर्स' संघानं घेतलं, ते अवघे शंभर डॉलर भरून.

माणसाला यानं किती अपमान वाटावा! पण ॲलन शिकागोला गेला आणि तिथं आणखी ५८ सामने खेळला. हलक्या अंगानंच. १९७९ साली तर त्यानं पूर्ण मॅरेथॉन शर्यत, म्हणजे ४२ किलोमीटरहून जास्त अंतर धावून काढलं. व्यावसायिक फुटबॉल खेळत असताना मॅरेथॉन पुरी करणारा तो पहिला खेळाडू. आणि त्याच वर्षापासून, फुटबॉलचा हंगाम नसेल तेव्हा, तो मिनियापोलिस शहरात वकिलीही करू लागला.

१९८१ च्या अखेरीस खेळ थांबला. पुष्कळ खेळाडूंच्या गोष्टी इथं संपतात. पण ॲलनची पहिलीच फळी पार झाली होती.

१९८५ पासून त्यानं मिनेसोटा राज्याच्या महाधिवक्त्यांच्या कार्यालयात सरकारी वकील म्हणून काम केलं. मग त्याच्या मनात आलं, की राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाचा न्यायाधीश व्हावं. (अमेरिकेत प्रत्येक राज्याला स्वतःचं वरिष्ठ न्यायालय असतं. मिनेसोटात त्या न्यायाधीशांची निवड लोक मत देऊन करतात. आपल्याकडे तशी पद्धत नाही.) पण १९९२ साली निवडणूक तोंडावर आली असताना राज्यपालांनी एका विद्यमान न्यायाधीशांची मुदत वाढवली आणि त्या जागेची निवडणूकच रद्द झाली. समोर परत भिंत!

ॲलन पेजनं काय करावं? राज्यपालांच्या या निर्णयाला त्यानं न्यायालयात आव्हान दिलं. आता पंचाईत अशी, की प्रकरण त्याच सर्वोच्च न्यायालयापुढं जायचं होतं. आपल्याच सहकाऱ्याच्या जागेचा निवाडा नेहमीचे न्यायाधीश कसा करणार? ते बाजूला झाले आणि त्यांच्या जागी खास दुसरे न्यायाधीश बसले. निकाल लागला तो पेजच्या बाजूनं. निवडणूक झाली आणि तो जिंकला. मिनेसोटाच्या सर्वोच्च न्यायालयात बसणारा तो पहिला कृष्णवर्णीय न्यायाधीश.

तर मुलांनो, आता आपणही त्यांना अरे-तुरे करायचं थांबवू या. न्यायमूर्ती ॲलन पेज. गळ्याला बो टाय, अंगावर काळा झगा. १९९३ च्या जानेवारीत ते न्यायासनावर बसले. १९९८, २००४ आणि २०१० साली लोकांनी त्यांना परत परत निवडून दिलं. सत्तर वर्षं पूर्ण झाली की निवृत्त व्हायचं, असा तिथला नियम. त्याप्रमाणे २०१५ च्या ऑगस्टमध्ये ते निवृत्त झाले. हिशेब करा : फुटबॉलचे हंगाम पंधरा, न्यायासनावरची वर्षं बावीसहून जास्त.

आता सुरुवातीच्या कोड्याकडे वळू या. १९८८ साली कँटनच्या त्या 'हॉल ऑफ फेम'मध्ये ॲलन पेज यांचा समावेश झाला. सभारंभात प्रत्येक खेळाडूची ओळख करून देण्यासाठी कोणीतरी व्यासपीठावर येतं. बहुधा जुने प्रशिक्षक, नाहीतर संघातले मित्र. पेज यांनी बोलावलं मिनियापोलिसमधल्या एका शाळेच्या मुख्याध्यापिकांना! (हे वाचून मला किती आनंद झाला असेल, ते सांगायला नकोच.) आणि स्वतः बोलायला उभे राहिले ते सामन्यांबद्दल नाही, तर शाळेबद्दल. वाचता न येणाऱ्या त्या सहकाऱ्यांची आठवण त्यांनी तिथं काढली. खेळात नाव कमावण्याची स्वप्नं मुलांना खुशाल दाखवा, पण त्यांच्या शिकण्याची जबाबदारी आपल्या सगळ्यांची आहे, अशा अर्थाचं ते बोलले.

नुसतं बोलून थांबले नाहीत. त्याच वर्षी त्यांनी आणि डायनबाईंनी मिळून एक शिक्षणनिधी सुरू केला. गोरेतर विद्यार्थ्यांना पुढच्या शिक्षणासाठी शिष्यवृत्ती द्यायची. पण एक अट घातली. शिष्यवृत्ती घेणाऱ्यानं वर्षाला किमान पन्नास तास शाळेतल्या लहान मुलांना शिकवायचं! म्हणजे मोठ्या ताईनं धाकट्याचा अभ्यास घ्यायचा. पैसे एकाला, शिक्षण दोघांना. हजारो विद्यार्थी या वाटेनं शिकले.

आणि ती करंगळी? विसरले नाही मी! पेज यांच्या डाव्या हाताची करंगळी फुटबॉल खेळताना अनेकदा निखळली आणि शेवटी काटकोनात बाहेर वळून तशीच राहिली. हात उभा धरला, की चार बोटं वर आणि करंगळी आडवी! भूमितीच्या तासाला काटकोन दाखवायला अगदी बरी. लहान मुलं ती करंगळी बघून खुदखुदतात. मग या माजी न्यायमूर्तींनी काय केलं असेल? त्यांची मुलगी केमी तेव्हा शाळेत शिक्षिका होती. तिच्याबरोबर त्यांनी २०१३ साली या करंगळीवरच मुलांसाठी एक चित्रमय पुस्तक लिहिलं. पुढं आणखीही पुस्तकं लिहिली. पुस्तकांच्या विक्रीतून शिक्षणनिधीला हातभार लागला. आपल्याकडे म्हणतात, सरळ बोटानं तूप निघत नसेल तर बोट वाकडं करावं. यांच्या वाकड्या बोटातून निघाली ती शिष्यवृत्ती!

हसू आलं तरी एक गोष्ट ध्यानात ठेवा. ही करंगळी म्हणजे त्या खेळानं शरीराकडून वसूल केलेली किंमत आहे. डोक्याला पुन्हा पुन्हा बसणाऱ्या धक्क्यांमुळे अनेक जुन्या फुटबॉलपटूंना मेंदूचे गंभीर विकार झाले, हे आता डॉक्टरांनी दाखवून दिलं आहे. त्यामुळे लीगला नियमही बदलावे लागले. कोणताही खेळ खेळताना डोक्याला मार लागला, तर 'काही नाही, खेळतो मी' अशी फुशारकी मारायची नाही. लगेच मैदानाबाहेर यायचं आणि मोठ्यांना सांगायचं. कळलं?

आता दोन शब्द आई-बाबांसाठी. मुलांनो, तुम्हीही ऐकलंत तरी चालेल.

पालकसभेत मला दोन तऱ्हेचे पालक नेहमी भेटतात. एक म्हणतात, "बाई, खेळानं का पोट भरतं? आता चौथी आली, शिष्यवृत्तीची परीक्षा आली, खेळ बंद केला त्याचा." दुसरे म्हणतात, "बाई, आमचा पोरगा कबड्डीत जिल्ह्याला जाणार. वाचायचं कमी येतं त्याला, पण तेवढं सांभाळून घ्या." दोघांचंही मुलावर प्रेम आहे, यात शंका नाही. पण दोघंही मुलाचं एक एक दार बंद करतात. पहिल्या घरातलं मूल दप्तराच्या ओझ्यानं वाकतं. दुसऱ्या घरातलं मूल मोठं झाल्यावर एखाद्या दिवशी चारचौघांत बसतं, त्याच्या हातात कागद येतो, आणि त्याच्या घशाला कोरड पडते. त्या वेळी गळ्यातली पदकं वाचायला मदत करीत नाहीत.

'सांभाळून घ्या' हे शब्द फार मायेचे वाटतात. पण ॲलनच्या त्या सहकाऱ्यांना सगळ्यांनी सांभाळूनच घेतलं होतं ना? त्यापेक्षा मुलाला रोज संध्याकाळी मैदानावर जाऊ द्या आणि परत आल्यावर रोज एक पान मोठ्यानं वाचायला लावा. स्वतः शेजारी बसून ऐका. तुम्हांला स्वतःला वाचता येत नसेल, तरीही ऐका. मूल अडखळलं तर रागावू नका. पहिल्या धडकेत भिंत कोणाचीच फुटत नाही.

आणि मुलांनो, तुम्हांला काय सांगू? खेळ आवडतो ना, मग जीव लावून खेळा. मैदानावर शिकलेलं वाया जात नाही. हरल्यावर परत रेषेवर येऊन उभं राहणं पेज मैदानावरच शिकले होते. तीन आठवड्यांत सोडलेलं शिक्षण परत हाती घेताना आणि राज्यपालांविरुद्ध न्यायालयाचं दार ठोठावताना तेच त्यांच्या उपयोगी पडलं असेल, असं मला वाटतं. पण मनात दुसरं काही ठरवलं असेल, वकील, नर्स, सुतार, शास्त्रज्ञ, काहीही, तर पहिलं संपण्याची वाट पाहू नका. पहिलं जोरात चालू असतानाच दुसऱ्याची तयारी हळूहळू सुरू ठेवा.

जाता जाता आणखी एक गोष्ट. मिनियापोलिसमध्ये एका शाळेला त्या प्रदेशाच्या पहिल्या गव्हर्नरचं नाव होतं. त्या गव्हर्नरनं तिथल्या मूळ रहिवाशांना, डकोटा लोकांना, फार क्रूरपणे वागवलं होतं. शाळेतल्या मुलांनी इतिहास वाचला आणि हे नाव आम्हांला नको, म्हणून रीतसर प्रयत्न सुरू केले. २०१७ साली शाळेचं नाव बदललं. आता ती 'जस्टिस पेज मिडल स्कूल' आहे. नावात फुटबॉल नाही, न्याय आहे! पुढल्याच वर्षी, २०१८ मध्ये, पेज यांना अमेरिकेचा सर्वोच्च नागरी सन्मान मिळाला. पण मला विचाराल, तर मुलांनी आपण होऊन शाळेला नाव देणं, हा मान काकणभर सरसच.

या आठवड्याचा उद्योग : तुमच्या वर्गात किंवा गल्लीत एखादा मित्र, एखादी मैत्रीण वाचताना अडखळत असेल. न्यायमूर्ती पेज यांनी वर्षाला पन्नास तास मागितले होते. म्हणजे आठवड्याला एक तासही पुरे! या रविवारी तेवढा वेळ काढा. एखादी मजेदार गोष्ट निवडा, एक परिच्छेद तुम्ही वाचा, एक त्याला वाचू द्या. हसायचं नाही, घाई करायची नाही. आणि त्या मित्राला कबड्डी तुमच्यापेक्षा छान येत असेल, तर फी म्हणून पकड कशी करायची ते त्याच्याकडून शिकून घ्या.

काय काय वाचलंत, ते मला पत्रानं जरूर कळवा. भेटू या पुढच्या अंकात.

तुमच्या,
बाई